ख्वाबनाम्यावरचे नाव

दर्ग्याजवळच्या किताबांच्या दुकानात पंचसुरा आणि दुआंच्या पुस्तिकांशेजारी ख्वाबनामा हमखास सापडतो. मुखपृष्ठावर बहुधा इमाम इब्ने सीरीन यांचे नाव असते. आत सरळ यादी : साप दिसला तर शत्रू, दात पडला तर आप्ताचा वियोग. स्वप्नांच्या मुलखाचा जणू तयार नकाशाच! फजरनंतर हा नकाशा उघडणारी घरे आपल्याकडे कमी नाहीत. एका वाईट ताबीरने प्रवास लांबतो, ठरत आलेली सोयरीक अडते. म्हणून हा नकाशा कोणी काढला, हा प्रश्न फक्त संशोधकांचा नाही, आपलाही आहे.

इतिहासातले मुहम्मद इब्ने सीरीन बसऱ्याचे. वडील सीरीन हे हजरत अनस बिन मालिक (रजि.) यांनी मुक्त केलेले गुलाम. इब्ने सीरीन कापडाचे व्यापारी आणि हदीसचे विश्वासू रावी होते. हिजरी ११० मध्ये, म्हणजे इ.स. ७२९ च्या सुमारास ते वारले. चरित्रकार त्यांची एक हकीकत सांगतात. त्यांनी उधारीवर मोठ्या किमतीचे तेल घेतले होते. एका बुधल्यात मेलेला उंदीर निघाला. घाण्यातच तेल नापाक झाले असेल, या शंकेने त्यांनी सगळे तेल ओतून दिले, कर्ज अंगावर घेतले आणि कैदेत गेले. रात्री घरी जाऊन सकाळी परत या, असे पहारेकऱ्याने सुचवले, तेही त्यांनी नाकारले.

या माणसाने स्वप्नांचा कोश लिहिल्याचा भरवशाचा पुरावा नाही. त्यांच्या नावावर खपणारा ‘मुन्तखबुल कलाम’ कितीतरी नंतरचा आहे. त्यांच्या पश्चात जन्मलेल्यांचे दाखलेही त्यात येतात. मग हेच नाव का? आमच्या मते उत्तर त्या ओतलेल्या तेलात आहे. बाजाराला भरवशाचे नाव हवे होते. ज्याने शंकेचा माल विकला नाही, त्याचेच नाव शंकेच्या मालावर छापले गेले.

अर्थात, हा नकाशा कवडीमोल आहे असे आम्ही म्हणत नाही. तो अनेक हातांनी काढला आहे. आर्टेमिडोरस या ग्रीक लेखकाचा स्वप्नग्रंथ नवव्या शतकात हुनैन इब्ने इसहाक यांनी अरबीत आणला. पुढे दीनवरी यांनी खलिफा अल्-कादिर यांच्या नावे मोठा ग्रंथ सिद्ध केला. देवाणघेवाण उलट दिशेनेही झाली : दहाव्या शतकाच्या सुमारास एका ख्रिस्ती लेखकाने अरबी सामग्री घेऊन ग्रीकमध्ये स्वप्नग्रंथ रचला आणि त्याचा कर्ता म्हणून ‘सेरेइमचा मुलगा अहमत’ असे नाव दिले. धर्मांच्या सीमा ओलांडून जाणारी ही विद्या आपल्या वारशाचा भाग आहे, याचा अभिमान जरूर बाळगावा.

पण कोशात एक गोष्ट हरवली, ती म्हणजे स्वप्न पाहणारा माणूस. इब्ने सीरीन यांच्याविषयी सांगतात की, दोघांनी त्यांना एकच स्वप्न सांगितले, आपण अजान देत आहोत असे. एकाला ते म्हणाले, तू हजला जाशील. दुसऱ्याला म्हणाले, तू चोरीत सापडशील. पहिल्याच्या चेहऱ्यावर त्यांना नेकी दिसली, दुसऱ्याच्या नाही. आणि दोन्ही अर्थांना कुरआनच्या आयतींचा आधार होता. १३७७ मध्ये ‘मुकद्दमा’ लिहिणाऱ्या इब्ने खल्दून यांनीही हेच बजावले : समुद्र कधी सुलतान असतो, कधी क्रोध, कधी संकट. कोकणातल्या दालदी मच्छीमाराच्या स्वप्नातले पाणी आणि मराठवाड्यातल्या ऊसतोड मजुराच्या स्वप्नातले पाणी एकच कसे असेल? ख्वाबनाम्यात मात्र दोघांसाठी एकच ओळ आहे.

आणखी एक विसंगती आहे. बुखारी शरीफमध्ये इब्ने सीरीन यांच्याच रिवायतीने तीन प्रकारची स्वप्ने येतात : मनाचे खेळ, शैतानाची भीती आणि अल्लाहकडून आलेली शुभवार्ता. नको ते दिसले तर कोणाला सांगू नये, उठून नमाज पढावी, असेही तिथे आहे. म्हणजे प्रत्येक स्वप्नाला अर्थ असतोच, हा ख्वाबनाम्याचा पायाच त्याच्या तथाकथित कर्त्याला मान्य नव्हता.

सूरह यूसुफ आपण वाचतो. हजरत यूसुफ (अलै.) यांनी बादशहाच्या स्वप्नाचा नुसता अर्थ सांगितला नाही, सात वर्षांचे धान्य कणसातच राखून ठेवण्याची तजवीजही सांगितली. ताबीर म्हणजे ही जबाबदारी. घाबरून आलेल्या बाईला ‘आप्ताचा वियोग’ ही ओळ वाचून दाखवणे म्हणजे ताबीर नव्हे. तिची झोप का उडाली, घरात काय चालले आहे, हे आधी विचारावे लागते.

प्रकाशकांना आमची विनंती एवढीच : मुखपृष्ठावरचे नाव काढा, आणि पहिल्या पानावर त्या दोन अजानींची हकीकत छापा.