गाणे कोणाच्या मालकीचे?

२ जुलै १९९२ रोजी स्पेनच्या कातालोनिया प्रांतातील बादालोना शहरी कामारोन दे ला इस्ला हा थोर फ्लॅमेंको गायक वारला. वय अवघे एक्केचाळीस. तो मूळचा थेट दक्षिणेकडचा, अँडालुसियातील सान फेर्नांदो गावचा. जन्माने खितानो, म्हणजे स्पेनमधला जिप्सी. त्याच वर्षी २५ सप्टेंबरला कातालोनियात एक मुलगी जन्मली. बार्सिलोना परिसरातील सान्त एस्तेवे सेसरोविरेस या लहान गावात ती वाढली. ना ती खितानो, ना अँडालुसियाची. तेराव्या वर्षाच्या सुमारास मित्रमंडळींच्या मोटारींतून वाजणारा कामारोनचा आवाज तिच्या कानी पडला आणि तिच्या आयुष्याची दिशा ठरली. रोसालिया विला तोबेया हे तिचे पूर्ण नाव. जग तिला नुसते ‘रोसालिया’ म्हणून ओळखते.

तिच्या लोकप्रियतेचा हिशेब मांडणे हा या लेखाचा हेतू नाही. ते काम वर्तमानपत्रांनी भरपूर केले आहे. तिच्या निमित्ताने स्पेनमध्ये उभा राहिलेला एक प्रश्न मात्र आपल्यासारख्या दुभाषी मुलखात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्यांना जवळचा वाटावा असा आहे. जे गाणे आपल्या घरातले नाही, जातीतले नाही, मायबोलीतलेही नाही, त्यावर गाणाऱ्याचा हक्क कशाने निर्माण होतो? माझे उत्तर थोडक्यात असे: तो तालमीने निर्माण होतो, पण ऋण मान्य केल्याखेरीज पुरा होत नाही. रोसालियाचे गाणे या दोन्ही कसोट्यांवर घासून पाहावे, एवढाच येथे प्रयत्न आहे.

प्रथम फ्लॅमेंकोविषयी थोडे. आपल्याकडे या शब्दासरशी गिरकी घेणारी झालरीच्या घागऱ्यातली नर्तकी डोळ्यांपुढे येते; परंतु फ्लॅमेंकोचा प्राण गायनात आहे. त्यातील सोलेआसारख्या प्रकारात बारा मात्रांचे आवर्तन असते आणि तिसऱ्या, सहाव्या, आठव्या, दहाव्या व बाराव्या मात्रेवर जोर येतो. म्हणजे आधी तिना-तिनाची चाल, मग दोना-दोनांची. हा ठेका अनेकदा नुसत्या टाळ्यांनी धरला जातो. गायकाचा आवाज गोड असलाच पाहिजे असे नाही. तो फाटलेला, खरवडलेला असला तरी चालतो, मात्र त्यात वेदना खरी हवी. अँडालुसियन लोकगीते आणि खितानोंची गायकी यांच्या मिश्रणातून एकोणिसाव्या शतकात या कलेला आजचे रूप आले.

खितानोंची कहाणी आपल्या देशाशी येऊन भिडते. त्यांचे पूर्वज सुमारे हजार वर्षांपूर्वी उत्तर भारतातून बाहेर पडले, हे भाषाशास्त्रज्ञांनी शब्दांच्या पुराव्याने सिद्ध केले आहे. युरोपभर विखुरलेल्या या समाजाच्या रोमानी भाषेत दोनाला ‘दुय’, तिनाला ‘त्रिन’ आणि दहाला ‘देश’ म्हणतात. अधिक खुलासा मराठी वाचकाला नको. १४२५ च्या सुमारास ते स्पेनमध्ये पोहोचले. पुढे त्यांच्या वेषावर, भटकंतीवर, भाषेवर बंदी घालणारे कायदे एकामागून एक झाले. १७४९ च्या जुलैत तर एकाच मोहिमेत सुमारे नऊ हजार खितानो स्त्री-पुरुषांना पकडून डांबण्यात आले. त्यांच्या भाषेचे व्याकरण गेले; स्पॅनिशच्या सांगाड्यावर लटकलेले काही शब्द तेवढे उरले. भाषा गमावलेल्या या समाजाने आपले दुःख गाण्यात राखले. त्या गाण्यावर बाहेरच्या कुणी हात ठेवताच त्यांच्यातले काहीजण चमकून का पाहतात, हे यावरून ध्यानात यावे.

शुद्धतेची काळजीही जुनीच आहे. १९२२ साली संगीतकार मानुएल दे फाया आणि कवी फेदेरिको गार्सिया लोर्का यांनी ग्रानादा येथे अल्हांब्राच्या आवारात अस्सल गाण्याची स्पर्धा भरवली. धंदेवाईक गायकांनी गाणे बिघडवले, अशी त्यांची खंत होती. म्हणून व्यावसायिकांना स्पर्धेत मज्जाव होता. पुढे १९७९ साली खुद्द कामारोनने लोर्काच्या कवितांचा आधार घेऊन ‘ला लेयेंदा देल तिएंपो’ ही तबकडी काढली. तीत विजेवरची गिटार होती, सिंथेसायझर होता, आपली सतारसुद्धा होती. जुने रसिक संतापले, तबकडी फारशी खपली नाही. आज तीच फ्लॅमेंकोच्या इतिहासातला मैलाचा दगड मानली जाते. जन्माने खितानो असूनही कामारोनला परकेपणाचा आरोप चुकला नाही, हे रोसालियाच्या टीकाकारांनी विसरू नये.

आता तिच्या तालमीकडे वळू. सतराव्या वर्षाच्या सुमारास गळ्यावर अतिताण पडून तिच्या स्वरतंतूंवर शस्त्रक्रिया करावी लागली आणि गाणे काही काळ बंद ठेवावे लागले. अशा वेळी पुष्कळजण वाट बदलतात. ती बदलली नाही. बार्सिलोनाच्या उच्च संगीत विद्यालयात खोसे मिगेल विस्काया ऊर्फ ‘एल चिकी’ या अँडालुसियाहून आलेल्या गुरूकडे तिने फ्लॅमेंको गायनाचे शिक्षण घेतले. या विषयाला वर्षाला एकच विद्यार्थी घेतला जाई. जुन्या ध्वनिमुद्रिका ऐकायच्या, प्रत्येक हरकत गळ्यावर चढवायची, आणि मग ती विसरून आपले गायचे, अशी ही शिस्त. आपल्याकडे गुरुगृही राहून जे होत असे, त्याचेच हे विद्यालयी रूप.

त्या शिस्तीचे फळ म्हणजे २०१७ चा ‘लोस आंखेलेस’ हा पहिला संग्रह. साथीला राउल रेफ्रीची एकच गिटार. विषय एकच, मृत्यू. ला निन्या दे लोस पेइनेस, मानुएल वायेखो अशा विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील गायकांच्या मुद्रिकांतून आलेल्या जुन्या रचना तिने येथे गाइल्या आहेत. तिचा आवाज पातळ आहे, धारदार आहे, लहान मुलीसारखा वाटता वाटता एकाएकी म्हातारा होतो. खितानो गायकांचा खडबडीतपणा तिच्या गळ्यात नाही आणि तिने तो ओढूनताणून आणलेलाही नाही. मला तिच्या प्रामाणिकपणाची पहिली खूण दिसते ती येथे. नक्कल करणारा दुसऱ्याचा आवाज उचलतो. शिकणारा दुसऱ्याची वाट घेतो आणि आपल्या पायांनी चालतो.

२०१८ साली आलेला ‘एल माल केरेर’ हा तिचा सर्वांत महत्त्वाचा संग्रह. शीर्षकाचा अर्थ ‘वाईट प्रेम’ असा करता येईल. गंमत अशी की, या जगभर गाजलेल्या संग्रहाचा जन्म पदवीसाठी करावयाच्या प्रकल्पातून झाला. त्याला आधार आहे तेराव्या शतकातील ‘फ्लामेन्का’ या ऑक्सितान भाषेतील काव्यकथेचा. नायिकेच्या या नावाचा फ्लॅमेंको संगीताशी संबंध नाही. साम्य निव्वळ योगायोगाचे. ऑक्सितान मात्र कातालान भाषेची सख्खी बहीण. संशयी नवरा सुंदर बायकोला मनोऱ्यात कोंडतो. तिच्यावर लुब्ध झालेला तरुण चर्चमधील सेवकाचे सोंग घेऊन, प्रार्थनेच्या वेळी दर खेपेस दोन-दोन अक्षरे कुजबुजत तिच्याशी संवाद जुळवतो, अशी मूळ कथा.

रोसालियाने संग्रहाची अकरा प्रकरणे पाडली: अपशकुन, लग्न, मत्सर, भांडण अशी चढत जाणारी. ‘मालामेन्ते’ या पहिल्याच गाण्यात पारंपरिक टाळ्यांखाली संगणकाचा खर्ज घुमतो. भांडणाच्या प्रकरणात मोटारसायकलच्या इंजिनाची गुरगुर तालवाद्य होते आणि नवऱ्याचा राग शब्दांआधी कानांना कळतो. कोंडवाड्याच्या प्रकरणात गाणेच नाही. अभिनेत्री रोसी दे पाल्मा हिचे नुसते बोलणे आहे. जिथे बाई कोंडली गेली तिथे सूरही कोंडला, ही योजना मला अतिशय सूचक वाटते. मूळ कथेत सुटकेची वाट दाखवतो तो प्रियकर. रोसालियाच्या शेवटच्या प्रकरणाचे नाव आहे ‘सामर्थ्य’, आणि तेथे वाद्ये जवळजवळ गळून पडतात. उरतो तो बाईचा आवाज. सातशे वर्षांपूर्वीच्या कथेतल्या तरुणाला बाजूला सारून तिने नायिकेची सुटका नायिकेच्याच हाती दिली. ही केवळ नव्या साजातील जुनी गाणी नव्हेत. ही कथेची नवी समज आहे. २०१९ साली या संग्रहाला लॅटिन ग्रॅमीचा वर्षातील सर्वोत्तम संग्रहाचा पुरस्कार मिळाला.

याच सुमारास आक्षेपही वाढले. खितानो समाजातील काही कार्यकर्त्यांचे म्हणणे असे की, ही कातालान मुलगी दक्षिणेचे उच्चार उसने घेते, आमची चिन्हे अंगावर मिरवते. ज्या समाजाला आजही घर भाड्याने मिळताना अडचण येते, त्याच्या कलेवर कीर्ती मात्र ती मिळवते. या आक्षेपाचे दोन भाग करायला हवेत.

उच्चारांचा भाग मला टिकाऊ वाटत नाही. ‘पिएन्सो एन तू मिरा’ या गाण्याच्या नावातच ‘मिरादा’ हा शब्द दक्षिणेकडच्या तोंडी रूपात ‘मिरा’ असा छापला आहे. पण फ्लॅमेंकोची बोलीच ती. आपले मराठी व कानडी गवई ब्रजातली बंदिश गातात तेव्हा तिचे कोणी पुणेरी रूपांतर मागत नाही. बेळगाव जिल्ह्यातील सुळेभावी येथे जन्मलेल्या, घरी कानडी बोलणाऱ्या कुमार गंधर्वांनी देवासला राहून माळव्याची लोकगीते आत्मसात केली. त्यांच्या गाण्याचा कस आपण जन्मदाखल्यावरून लावला नाही. शिवाय कातालोनियात फ्लॅमेंको हे परदेशी पीकही नाही. थोर खितानो नर्तकी कार्मेन अमाया बार्सिलोनाच्याच झोपडवस्तीतली. १९५० नंतर लाखो अँडालुसियन मजूर कातालोनियाच्या कारखान्यांत आले. त्यांच्याबरोबर त्यांची गाणीही आली. गाणे आपल्या गल्लीत राहायला आले, तर ते परके किती काळ म्हणायचे?

आक्षेपाचा दुसरा भाग मात्र खरा आहे. ‘मालामेन्ते’च्या चित्रफितीत पवित्र सप्ताहाच्या मिरवणुकीतला टोपीधारी भक्त चाकांच्या फळीवर घसरत येतो, बैलाच्या जागी मोटारसायकल येते. दृश्य चटकदार आहे, पण चिन्हे येथे शोभेची झाली आहेत. दुःखातून आलेली कला दुःख भोगणाऱ्यांना वगळून विकली जाते तेव्हा, कलावंताचा दोष असो वा नसो, हिशेब चुकतो. तिच्या बाजूने एवढे म्हणता येते की, आपल्याआधीच्या गायक-गायिकांची नावे ती लपवत नाही. पण नाव घेणे हा ऋणाचा पहिला हप्ता झाला. साऱ्या कर्जाची फेड नव्हे.

आणि मग मायबोलीचा प्रश्न. २०१९ साली तिने ‘मिलियोनारिया’ हे गाणे कातालान भाषेत गायिले. फ्रँकोच्या राजवटीत शाळा-कचेऱ्यांतून हद्दपार झालेली ही भाषा. तिच्यात जगप्रसिद्ध गायिका गाते याचा आनंद व्हायला हवा होता. झाला, पण वादही झाला. वाढदिवसासाठी तिने ‘आनिवेर्सारी’ हा शुद्ध कातालान शब्द न घेता स्पॅनिशवरून आलेला ‘कुंप्लेआन्स’ हा बोलण्यातला शब्द घेतला होता. भाषारक्षकांना तो खटकला. मला त्यांची भीती समजते. धाकटी भाषा मोठ्या भाषेशेजारी राहते तेव्हा आधी शब्द जातात, मग वाक्ये. पण तिच्या गावातली मुले तोच शब्द बोलतात, हेही तितकेच खरे. आमच्या शाळेच्या पटांगणात ‘काय करायलास?’ ऐकू येते. त्या क्रियापदाची घडण कानडी वळणाची असेल. पण बोलणारे मूल मराठीच बोलत असते. निबंधात प्रमाण रूप शिकवणे हे शिक्षकाचे कामच आहे. त्या मुलाला ‘तुझी भाषा मराठी नव्हे’ असे सांगणे हे कुणाचेच काम नाही. भाषा सोवळ्यात ठेवून जगत नाही. तिच्यात गाणारे, भांडणारे, लाड करणारे लोक उरले तर जगते.

पुढील संग्रहांविषयी थोडेसेच. २०२२ चा ‘मोतोमामी’ बुद्धिमान आहे, पण मला तो तुकड्यातुकड्यांचा वाटतो. कल्पना फुलण्याआधीच गाणे संपते. तरी ‘बुलेरियास’ या गाण्यात ती आपल्या टीकाकारांना त्यांच्याच ठेक्यावर उत्तर देते, ते ऐकण्यासारखे आहे. नोव्हेंबर २०२५ मधील ‘लुक्स’ या संग्रहात लंडन सिंफनी ऑर्केस्ट्राच्या साथीने ती तेरा भाषांतून गाते. संत स्त्रियांची चरित्रे हा त्याचा मूळ धागा. तेरा भाषांचा आकडा मला दिपवत नाही. आकड्यांची हौस कलेत धोक्याचीच. परंतु एका शब्दावरून जिची मायबोली तपासली गेली, ती बाई भाषा कमी करण्याऐवजी वाढवत गेली, हे मला आवडले.

रसिकांनी तिचे गाणे ऐकायचे ठरवले, तर सुरुवात ‘लोस आंखेलेस’पासून करावी. तिथे झगमगाट नाही. एक गिटार आहे आणि कष्टाने कमावलेला एक गळा. त्यानंतर कामारोन ऐकावा, आणि त्याच्यामागची ला निन्या दे लोस पेइनेसही. गायिकेचे ऋण तिने फेडायचे ते फेडील. श्रोत्याच्या वाट्याचे ऋण एवढ्याने तरी फिटू लागते.