पँडोरावरची झाडं कोणासाठी उजळतात?

करमाळ्यात बसून परग्रहावरच्या चमकणाऱ्या झाडांवर बोलायचं म्हणजे गंमतच आहे. इथं आपण बाभळी आणि कुसळं बघत मोठे झालो. पण ‘अवतार’ तुमच्यापैकी बहुतेकांनी पाहिलेला असणार. जेम्स कॅमेरॉनचा हा चित्रपट डिसेंबर २००९ मध्ये आला. त्यातलं कथानक लोक विसरले, रात्रीचं जंगल मात्र विसरले नाहीत. म्हणून आज त्या जंगलाचीच समीक्षा करू.

पँडोरा हा अल्फा सेंटॉरीजवळच्या एका महाकाय ग्रहाचा उपग्रह. वनस्पतींसाठी कॅमेरॉननं जोडी होल्ट या वनस्पतिशास्त्रज्ञ बाईंचा सल्ला घेतला होता, म्हणजे काम उगाच केलेलं नाही. जेक पहिल्यांदा त्या जंगलात अडकतो तेव्हा त्याच्या हातात मशाल असते. नेयतिरी ती पाण्यात विझवते, आणि मग सगळं रान उजळलेलं दिसतं. हा प्रसंग मला फार मोलाचा वाटतो. आपला दिवा मालवल्याशिवाय दुसऱ्याचा उजेड दिसत नाही, हे एकही शब्द न बोलता सांगितलंय.

आणि लगेच दिग्दर्शक ते घालवतो! पाऊल टाकलं की जमीन उजळते, हात लावला की पान उजळतं. उजेड तयार करायला सजीवाला ऊर्जा खर्चावी लागते. मग ही झाडं कोण्या परक्या माणसाच्या पायाखाली ती का उधळतील? उत्तर एकच, आपण तिकीट काढलंय म्हणून. झाडाचं झाडपण तिथं संपतं आणि रोषणाई सुरू होते.

चमकणाऱ्या वनस्पतींची कल्पना आपल्याला नवी नाही. ‘कुमारसंभवा’त हिमालयातल्या ओषधी रात्री गुहांमधून तेलावाचून दिव्याचं काम करतात, तेही प्रेमिकांसाठी. म्हणजे कालिदासाची झाडंसुद्धा माणसाच्या सेवेलाच! वाल्मीकी मात्र वेगळं सांगतो. युद्धकांडात जांबवान हनुमंताला चार दिव्य ओषधी आणायला पाठवतो. त्या दिशा उजळून टाकणाऱ्या आहेत, अशीच त्यांची खूण. हनुमंत पोचतो, आणि कोणीतरी आपल्याला न्यायला आलंय हे कळल्यावर त्या ओषधी दिसेनाशा होतात. मग तो चिडून अख्खं शिखरच उपटतो. आपल्याला शिखर उचललेलं आठवतं, ओषधी लपल्या ते आठवत नाही. खरं तर परग्रहाची झाडं अशी हवीत. त्यांना स्वतःची मर्जी हवी, आणि नकार देता यायला हवा.

आता खऱ्या उजेडाकडे या. पावसाळ्यात भीमाशंकरच्या जंगलात कुजक्या लाकडावर हिरवट प्रकाश दिसतो. तो झाडाचा नव्हे, बुरशीचा. निसर्गतः चमकणारी फुलझाडं आपल्या पृथ्वीवर माहीत नाहीत. बुरशी का चमकते? ब्राझीलमधल्या एका जातीवर २०१५ साली अभ्यास प्रसिद्ध झाला. ती बुरशी अंतर्गत घड्याळानुसार रात्री जास्त उजळते आणि त्या प्रकाशाकडे किडे येतात, असं त्यात आढळलं. म्हणजे तिचा व्यवहार किड्यांशी. आपण तिथं बिनबोलावलेले! विजेरी बंद करून डोळे अंधाराला सरावेपर्यंत उभं राहावं लागतं. तो उजेड मंद असतो, पायाबिया लागून वाढत नाही.

भीमाशंकरला उगम पावणारी भीमा पुढं आपल्याकडे येते, उजनीत. १९८० च्या सुमारास धरण झालं आणि आपल्या तालुक्यातली भीमाकाठची गावं पाण्याखाली गेली. ‘अवतार’मध्ये खनिजासाठी नावींचं होमट्री पाडतात तेव्हा जगभरचे प्रेक्षक हळहळले. मी विचारतो, ते झाड बाभळीचं असतं तर? पँडोरावर चिंचा, लिंब आणि ज्वारीची ताटंच असती, रात्री नुसता काळोख असता, तर नावींचा हक्क कमी झाला असता का? सौंदर्याच्या जोरावर न्याय मागणारी कला कुरूप माणसाला आणि कोरड्या माळाला उघड्यावर सोडते. माझा या चित्रपटावरचा मुख्य आक्षेप हाच आहे. तंत्रज्ञानाबद्दल तक्रार नाही, त्यात तो अव्वलच आहे.

आता तर अमेरिकेत बुरशीची जनुकं घातलेली, अंधारात चमकणारी पेटुनियाची रोपं २०२४ पासून विकायला आलीत. घ्या कुंडीत पँडोरा.

एक गोष्ट चित्रपटाच्या बाजूनं सांगायलाच हवी. ग्रेस ही त्यातली शास्त्रज्ञ कंपनीच्या माणसाला समजावते, की इथल्या झाडांची मुळं एकमेकांशी मेंदूतल्या पेशींसारखी जोडलेली आहेत, या जंगलाची खरी संपत्ती ती आहे. इथं काहीही चमकत नाही. जमिनीखालचं, न दिसणारं, ज्याची पोस्टरवर छपाई होणार नाही असं काहीतरी ती बोलते. संबंध चित्रपटातला सगळ्यात धाडसी विचार हा आहे, आणि तो मिनिटभरात उरकलाय. तो माणूस हसतो, ही तर नुसती झाडं म्हणतो, आणि थोड्याच वेळात होमट्री कोसळतं. त्या मिनिटाला अर्धा तास दिला असता तर मी रोषणाई माफ केली असती.

बरं, आता तुमचे प्रश्न घेऊ.