मुस्तफाचा खरा शेवट

विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात ज्यांचे शालेय जीवन गेले, अशा शिक्षकांना ‘मुस्तफा’ची ओळख करून द्यावी लागणार नाही. एस.टी. स्टँडाजवळची एखादी अंधारी खोली, लाकडी खोक्यात बसवलेला पडदा, फटीतून आत टाकायचे नाणे आणि खेळणाऱ्या दोघा-तिघांच्या मागे उभे राहून सल्ले देणारी पाच-सहा मुले! खेळाचे खरे नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स’. जपानच्या कॅपकॉम कंपनीने तो १९९३ साली काढला. मार्क शुल्ट्झ यांच्या ‘झेनोझोइक टेल्स’ या चित्रकथामालेवर तो आधारलेला आहे. आपल्याकडे मात्र त्यातल्या चार पात्रांपैकी एकाच्या, पिवळी टोपी घातलेल्या मुस्तफाच्या नावानेच तो ओळखला गेला.

हा खेळ एकट्याने खेळता येई, पण त्याची गंमत तिघांनी मिळून खेळण्यात होती. शिवाय त्याला कथा होती. सव्विसावे शतक, पृथ्वीवर पुन्हा वावरणारे डायनासोर, त्यांची शिकार करणारी टोळी आणि आठ टप्प्यांनंतर भेटणारा डॉ. फेसेंडेन. कथा पात्रांच्या संवादांतून सांगितली जाई, पण ते संवाद इंग्रजीत. घोळक्यातल्या ज्या कुणाला चार इंग्रजी शब्द लागत तो अर्थ सांगे आणि बाकीचे त्यावर विश्वास ठेवत. आठव्या टप्प्यापर्यंत पोचण्याइतकी नाणी फार थोड्यांच्या खिशात असत. म्हणजे शेवट पाहिलेले थोडे, त्यातला मजकूर समजलेले त्याहून थोडे आणि शेवटाविषयी सांगणारे मात्र पुष्कळ! ‘एकही जीव न गमावता गेलात तर’, ‘तिघेही शेवटपर्यंत जिवंत राहिलात तर’, ‘शेवटच्या राक्षसाला हत्यार न वापरता मारलात तर’ खरा शेवट दिसतो, अशा धाटणीच्या या गोष्टी असत. सांगणाऱ्याने तो स्वतः पाहिलेला नसे. दुसऱ्या गावच्या कुणीतरी पाहिलेला असे.

आज राजापूरच्या नववी-दहावीतल्या मुलांच्या हाती मोबाइल आहे, नाणे टाकावे लागत नाही. तरी मधल्या सुट्टीत कान दिले तर ‘छुपा शेवट’ हा शब्द अजूनही ऐकू येतो. खेळ बदलले, वाक्यांची धाटणी तीच राहिली. या अफवांकडे ‘मुलांच्या बाता’ म्हणून पाहून सोडून देणे मला योग्य वाटत नाही. एखादी गोष्ट आहे की नाही हे कसे ठरवायचे, हा विज्ञानाच्या तासातला मूळ प्रश्न इथे मुले आपणहून विचारत असतात.

प्रथम हे मान्य करू, की अशा काही गोष्टी खऱ्या निघालेल्या आहेत. ‘कॉन्ट्रा’ हा दोघांनी खेळायचा खेळ घरच्या टीव्हीला जोडून कित्येकांनी खेळला असेल. सुरुवातीच्या पडद्यावर वर, वर, खाली, खाली, डावे, उजवे, डावे, उजवे, बी, ए अशी बटणे दाबली की तीनऐवजी तीस जीव मिळतात, ही बातमी कर्णोपकर्णी आली आणि ती तंतोतंत खरी होती. काझुहिसा हाशिमोतो या जपानी कार्यक्रमलेखकाने ‘ग्रॅडियस’ या खेळाची घरगुती आवृत्ती १९८६ च्या सुमारास तयार करताना, स्वतःला चाचणी घेणे सोपे जावे म्हणून असा क्रम घातला होता. पुढे तो त्याच कंपनीच्या इतर खेळांतही वापरला गेला. १९८७ च्या ‘डबल ड्रॅगन’मध्ये दोन भाऊ खांद्याला खांदा लावून टोळीशी लढतात आणि शेवटी दोघेही जिवंत असतील तर खेळ त्यांना एकमेकांशीच लढायला लावतो. एकट्याने खेळणाऱ्याला हे कधीच दिसत नाही. ‘दोघांनी खेळलात तर शेवट वेगळा होतो,’ असे कुणी सांगितले असते तर ऐकणाऱ्याला ती थाप वाटली असती. पण ती थाप नव्हती.

या सर्वांत मला सर्वांत आवडते उदाहरण टायटो कंपनीच्या १९८६ मधल्या ‘बबल बॉबल’चे. दोन छोटे ड्रॅगन बुडबुडे सोडत शंभर खोल्या पार करतात. एकट्याने शंभरावी खोली जिंकली, तर खेळच सांगतो की हा खरा शेवट नव्हे, मित्राला घेऊन पुन्हा ये. दोघांनी मिळून जिंकल्यावर शेवट बदलतो. त्यापलीकडे ‘सुपर’ नावाचा आणखी अवघड प्रकारही आहे. इथे खेळाने आपले रहस्य लपवले, पण रहस्य आहे हे लपवले नाही. अट सांगितली, आणि ती अशी की कोणालाही करून पाहता येईल. एकत्र खेळण्याला कथेत अर्थ देण्याचा इतका सरळ मार्ग पुढच्या कित्येक महागड्या खेळांना साधलेला नाही, असे माझे मत आहे.

आता दुसऱ्या टोकाचे उदाहरण पाहू. ‘स्ट्रीट फायटर २’ (१९९१) मध्ये रियू हा लढवय्या जिंकल्यावर एक वाक्य बोलतो. मूळ जपानीत ते त्याच्या ‘शोर्यूकेन’ या ठोशाविषयी होते. त्या नावातल्या दोन चित्राक्षरांचा चिनी उच्चार ‘शेंग लाँग’ असा होतो. इंग्रजी भाषांतरात ठोशाचे झाले माणसाचे नाव, आणि वाक्याचा अर्थ असा झाला की शेंग लाँगला हरवल्याशिवाय तुझा निभाव लागणार नाही. हा शेंग लाँग कोण? जगभरचे खेळाडू त्याला शोधू लागले. एप्रिल १९९२ मध्ये ‘इलेक्ट्रॉनिक गेमिंग मंथली’ या अमेरिकन मासिकाने त्याला भेटण्याची रीत छापली. सर्व लढती अंगाला धक्का न लागता जिंकायच्या आणि शेवटच्या प्रतिस्पर्ध्यासमोर कुणीही कुणाला स्पर्श न करता फेरीमागून फेरी बरोबरीत सोडवायची. तो एप्रिल फूल होता. त्याच वर्षीच्या डिसेंबर अंकात मासिकाने तसे मान्य केले. मधल्या आठ महिन्यांत किती मुलांची नाणी गेली असतील!

या थापेची रचना वर्गात उलगडून दाखवण्यासारखी आहे. अट इतकी कठीण की ती पुरी करणारा जवळजवळ कुणी नाही. प्रयत्न फसला तर दोष अफवेचा नाही, प्रयत्न करणाऱ्याचा. कुठेतरी एक ठोसा लागलाच असेल! म्हणजे अनुकूल पुरावा मिळाला तर अफवा खरी आणि न मिळाला तरी अफवा शाबूत. ‘बबल बॉबल’च्या अटीशी ही अट ताडून पाहा. मित्राला घेऊन या, शंभरावी खोली जिंका. शेवट बदलला नाही तर सांगणारा खोटा. सुटकेची वाट ठेवलेली नाही. विद्यार्थ्यांनी अफवा ऐकल्याबरोबर ‘खरी की खोटी?’ असे न विचारता ‘ही खोटी असती तर आपल्याला ते कसे कळले असते?’ असे विचारावे, एवढी सवय लागली तरी पुष्कळ झाले.

‘मग आपण सगळ्या शक्यता करून पाहू’ असे एखादा हुशार विद्यार्थी म्हणेल. त्याला गणित घालावे. ‘कॉन्ट्रा’च्या क्रमात दहा दाब आणि सहा बटणे आहेत. एकूण क्रम सहाचा दहावा घात, म्हणजे ६,०४,६६,१७६. एका प्रयत्नाला पाच सेकंद धरले तर ३०,२३,३०,८८० सेकंद. न झोपता, न जेवता सुमारे साडेनऊ वर्षे! म्हणून असे क्रम मुलांनी चाचपडत शोधले असे सहसा होत नाही. ते आतून बाहेर येतात. खेळ बनवणाऱ्याकडून, किंवा खेळाची आज्ञावली उघडून वाचणाऱ्याकडून.

खेळ आणि निसर्ग यांत फरक पडतो तो इथेच. राजापूरकरांना हे समजावायला लांब जायला नको. उन्हाळ्याजवळची आपली गंगा साधारण तीन वर्षांनी येते आणि दोन-तीन महिने राहून जाते, असे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. अलीकडे हा क्रम बिघडलेला दिसतो. एरवी कोरडी असणारी चौदा कुंडे भरतात. जमिनीखालच्या पोकळीत पाणी विशिष्ट पातळीपर्यंत साठले की सायफनच्या तत्त्वाने ते वाहू लागत असावे, अशी तिची एक उपपत्ती सांगतात. तीही पूर्ण समाधानकारक आहे असे मला वाटत नाही. इथे जमीन उघडून पाहता येत नाही. ‘ती कधी येते?’ याचे उत्तर तारखांची नोंद, पावसाचे आकडे आणि विहिरींची पातळी यांतूनच हळूहळू मिळवावे लागते, आणि उद्या ती अनपेक्षित महिन्यात आली तर आपला नियम आपणच बदलतो. खेळाचे तसे नाही. तो माणसाने लिहिलेला, मोजक्या अक्षरांत संपणारा मजकूर आहे. १९९७ मध्ये ‘मेम’ नावाची प्रणाली निघाली, तिच्यामुळे जुन्या यंत्रांतला हा मजकूर साध्या संगणकावर चालवता येऊ लागला. त्यातले संवाद, चित्रे, ‘असे असेल तर तिकडे जा’ या आज्ञा, सारे तपासता येते. ‘पांढरा कावळा जगात कुठेच नाही’ हे सिद्ध करणे अशक्यप्राय. ‘या पुस्तकात अमुक शब्द नाही’ हे मात्र पुस्तक वाचून सिद्ध होते. खेळातला छुपा शेवट दुसऱ्या प्रकारात मोडतो.

एक खाचखळगा मात्र आहे. बनवणाऱ्यांनी अर्धवट सोडलेली चित्रे आणि संवाद कित्येकदा मजकुरात तसेच पडून असतात, पण त्यांच्याकडे नेणारी वाट कापून टाकलेली असते. असे काही सापडले की अफवेचे समर्थक म्हणतात, ‘बघा, आहे की नाही!’ घराच्या माळ्यावर जुना पाळणा आहे म्हणून घरात तान्हे मूल आहे असे होत नाही. खेळाच्या मजकुरात असणे आणि खेळात असणे या दोन गोष्टी आहेत.

पण केवळ पुराव्याची चर्चा केली तर विषय अर्धाच राहील. शेवट वेगळा असावा, असे वाटतेच का? १९९७ च्या ‘फायनल फँटसी ७’ मध्ये एरिस ही नायिका मधेच मारली जाते. तिला जिवंत करण्याची युक्ती आहे अशी अफवा वर्षानुवर्षे चालली. ती अज्ञानातून आली नव्हती, दुःखातून आली होती. स्वीडनच्या हेझलाइट या चमूचे, जोसेफ फारेस यांनी दिग्दर्शित केलेले दोन खेळ या दृष्टीने पाहण्याजोगे आहेत. दोन्ही दोघांशिवाय खेळताच येत नाहीत. ‘अ वे आउट’ (२०१८) मध्ये दोन कैदी मिळून तुरुंगातून पळतात. कित्येक तास एकमेकांना हात देत आणल्यावर शेवटी खेळ त्यांना एकमेकांसमोर उभे करतो आणि एकजण मरतो. कोण मरते त्यावर दोन शेवट ठरतात. दोघेही वाचतात असा तिसरा शेवट नाही. तो हवासा वाटणे हे या खेळाचे यश आहे, कारण शेजारी बसलेल्या मित्राला मारताना हात खरोखर अडखळतो. ‘डबल ड्रॅगन’चीच कल्पना, पण इथे तिला वजन आले आहे.

‘इट टेक्स टू’ (२०२१) हा खेळ अधिक गाजला. त्या वर्षीच्या ‘द गेम अवॉर्ड्स’मध्ये तो सर्वोत्कृष्ट ठरला. घटस्फोटाच्या उंबरठ्यावरचे आईबाप बाहुल्या होतात आणि एकमेकांच्या मदतीने पुन्हा माणूस होण्याची धडपड करतात. खेळ कल्पक आहे यात शंका नाही, पण त्यात एक प्रसंग आहे. मुलगी रडली तर आपण पुन्हा माणूस होऊ, अशा समजुतीने दोघे तिचा लाडका खेळण्यातला हत्ती मारायला निघतात. तो हत्ती गयावया करतो आणि खेळणाऱ्या दोघांना त्याला ओढत न्यावेच लागते. थांबण्याचे बटण नाही. इथे माझी तक्रार अशी की खेळ नाटककाराचा अधिकार वापरतो आणि अपराध मात्र प्रेक्षकाच्या हातून करवून घेतो. ‘अ वे आउट’मध्ये निदान दोघांच्या धडपडीवर काहीतरी ठरते. इथे काहीच ठरत नाही, आणि हे खेळ सांगतही नाही. अशा जागी ‘हत्तीला वाचवायची वाट आहे म्हणे’ असे कुणी म्हणाले, तर ऐकणाऱ्याने ते का उचलून धरावे हे मला समजू शकते.

आठवी ते दहावीच्या वर्गात करून पाहण्यासारखा एक प्रयोग सुचवतो. संगणक नसला तरी चालेल. एका गटाने कागदावर छोटी गोष्ट रचावी, तिच्यात हो-नाहीचे पाच प्रश्न असावेत. एकूण बत्तीस वाटा होतील. त्यांतल्या एकाच वाटेवर वेगळा शेवट ठेवावा, किंवा मुळीच ठेवू नये, आणि काय केले ते कुणाला सांगू नये. दुसऱ्या गटाने फक्त उत्तरे देत गोष्ट ऐकावी आणि शेवट शोधावा. त्यांना दहाच प्रयत्न द्यावेत. तिसऱ्या गटाला थेट तो कागद द्यावा. दहा प्रयत्नांत काही सापडले नाही, तर दुसऱ्या गटाने ‘नाही’ म्हणायचे की ‘सापडले नाही’ म्हणायचे, यावर वर्गात वाद होऊ द्यावा. मधे पडू नये. प्रश्न पाचांऐवजी वीस असते तर वाटा किती झाल्या असत्या, ते फळ्यावर एखाद्या विद्यार्थ्यालाच काढू द्यावे. उत्तर १०,४८,५७६ येते.