उपरोधाची सीमा : मार्क ट्वेन आणि न्यूयॉर्कची १८७० ची गव्हर्नरपदाची निवडणूक

न्यूयॉर्क राज्याच्या गव्हर्नरपदासाठी नोव्हेंबर १८७० मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाचे जॉन हॉफमन व रिपब्लिकन पक्षाचे स्टुअर्ट वुडफर्ड यांच्यात लढत झाली आणि हॉफमन पुन्हा निवडून आले. निकालानंतर, डिसेंबरच्या ‘द गॅलक्सी’ मासिकात, मार्क ट्वेन यांचा ‘रनिंग फॉर गव्हर्नर’ हा उपरोधिक लेख प्रसिद्ध झाला. त्यात या दोघांविरुद्ध ‘मार्क ट्वेन’ नावाचाच तिसरा, अपक्ष उमेदवार उभा राहतो आणि वृत्तपत्रांच्या खोट्या आरोपांनी नामोहरम होऊन माघार घेतो. चीनमध्ये हा लेख शालेय पाठ्यपुस्तकांत दीर्घकाळ होता. तेथे तो भांडवली लोकशाहीचा पंचनामा म्हणून वाचला गेला. या अन्वयार्थात निवेदकाचे निरपराधित्व गृहीत धरलेले असते. संहिता मात्र ते सहजासहजी मान्य करू देत नाही.

प्रतिस्पर्ध्यांपेक्षा आपले चारित्र्य उजवे आहे, अशी निवेदकाची आरंभापासून खात्री आहे. या खात्रीचा आधार कोणता? वृत्तपत्रेच. आजीचे पत्रही त्याला हेच सांगते : वर्तमानपत्रे पाहा, म्हणजे ते दोघे कसे आहेत ते कळेल. म्हणजे इतरांविषयी वृत्तपत्र हे प्रमाण आणि स्वतःविषयी तेच असत्य! ज्या तराजूने निवेदकाने इतरांना तोलले, त्यातच तो पुढे तोलला जातो. निवेदक हा केवळ बळी नाही, तो या व्यवस्थेचा विश्वासू वाचकही आहे. स्वतः ट्वेन त्या काळी ‘बफेलो एक्स्प्रेस’ या वृत्तपत्राचे सहमालक व संपादक होते, हे येथे लक्षणीय ठरते.

लेखाची रचनाही याच दिशेने जाते. प्रत्येक आरोप पुढच्या बातमीत विशेषण होतो आणि विशेषण लवकरच नावाची जागा घेते. मौन हाच गुन्ह्याचा पुरावा ठरतो. अखेरच्या स्वाक्षरीत तर निवेदक ही दूषणे पदव्यांप्रमाणे आपल्या नावापुढे लावतो. पुराव्याविना केवळ पुनरुक्तीतून सत्य कसे ‘घडते’, याचे हे नेमके निदान आहे.

तथापि या हास्याला एक आंधळी बाजू आहे. पहिला आरोप १८६३ साली कोचीन-चायनातील (आजचा दक्षिण व्हिएतनाम) एका विधवेची केळीची बाग लुबाडल्याचा आहे. हे स्थळ विनोदासाठी निवडले आहे ते दूरचे, पडताळता न येणारे म्हणून. प्रत्यक्षात १८६२ च्या तहाने फ्रान्सने तेथील तीन प्रांत बळकावले होते. शेवटच्या प्रसंगात विविध वर्णांची नऊ मुले भर सभेत उमेदवाराला बिलगून बाप म्हणतात. हे वर्ष पंधराव्या घटनादुरुस्तीचे होते. कृष्णवर्णीय मतदारांवर न्यूयॉर्कने १८२१ पासून लादलेली २५० डॉलरच्या मालमत्तेची अट या दुरुस्तीमुळेच संपुष्टात आली. त्या निवडणुकीतील हा मोठा बदल लेखात नाही. आहे ते फक्त वर्णसंकराच्या भीतीवर उभे राहिलेले हसू.

दुसरी मर्यादा अधिक मूलभूत आहे. ट्वीड गटाला सोयीची न्यूयॉर्क शहराची नवी सनद एप्रिल १८७० मध्ये हॉफमन यांच्याच स्वाक्षरीने अमलात आली होती. जुलै १८७१ पासून ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने शहराच्या हिशेबवह्यांतील आकडे छापून त्या गटाची लूट उघड केली. त्या धक्क्यात हॉफमन यांची राजकीय कारकीर्दही संपली. खोटा आरोप आणि पुराव्यानिशी केलेला आरोप यांत भेद करण्याचे साधन ट्वेन यांचा उपरोध वाचकाच्या हाती देत नाही. म्हणूनच हा लेख मूळ निवडणुकीपासून तोडून कोणत्याही निवडणुकीविरुद्ध वापरता आला. त्याची सार्वत्रिकता ही त्याची सिद्धी मानली जाते. या निवडणुकीच्या संदर्भात वाचता तीच त्याची उणीवही ठरते.