मिदोरीचे मौन

हिगुची इचियो यांची ‘ताकेकुराबे’ ही कथा १८९५-९६ मध्ये ‘बुन्गाकुकाई’ या नियतकालिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. तोक्योतील योशिवारा या वेश्यावस्तीच्या कडेला वाढणारी चौदा वर्षांची मिदोरी तिची नायिका. थोरली बहीण तिथली नावाजलेली गणिका. तिच्या कमाईतून हाती येणारे पैसे मिदोरी सवंगड्यांवर उधळते आणि त्यांच्यावर हुकूमत गाजवते. नोव्हेंबरातल्या जत्रेच्या दिवशी मात्र तिच्या केसांची मोठ्या बायकांसारखी ‘शिमादा’ रचना केलेली दिसते. ती गप्प होते, खेळणे सोडून देते.

नेमके काय घडले, हे इचियो सांगत नाहीत. मिदोरीला न्हाण आले, असाच अर्थ अभ्यासक बराच काळ लावत आले. १९८५ मध्ये लेखिका साता इनेको यांनी त्याला हरकत घेतली. एवढ्याने अशी खेळकर मुलगी इतकी बदलणार नाही; तिला पहिल्या गिऱ्हाइकाला सामोरे जावे लागले असावे, असे त्यांचे म्हणणे. समीक्षक माएदा आई यांनी जुन्या अर्थाची बाजू मांडली आणि वाद रंगला.

दोन्ही बाजू उत्तर शोधतात ते मिदोरीच्या देहात. कथा मात्र तिच्या घराकडे बोट दाखवते. थोरलीचा सौदा झाला तेव्हा कुंटणखान्याच्या मालकाच्या सांगण्यावरून सारे कुटुंब किशू प्रांतातून इथे आले. वडील वस्तीतच कारकुनी करतात, आई शिवणकाम. मिदोरी कोमेजते तेव्हा आई चमत्कारिक हसते आणि होईल थोड्या वेळात बरी, एवढेच म्हणते. इतर घरांत न्हाण ही लग्नाची चाहूल असते, या घरात ती सौद्याची आहे. म्हणून यांतली कोणतीही घटना खरी मानली तरी मिदोरीची वाट बदलत नाही.

सरकारने १८७२ मध्ये वेश्यांच्या मुक्तीचा हुकूम काढला. त्याच वर्षी इचियो जन्मल्या. पण कुंटणखाने ‘भाड्याच्या खोल्या’ झाले आणि कर्जाने बांधलेली मुलगी कागदोपत्री स्वखुशीची ठरली. आईबापांसाठी मुलीने झिजावे ही जुनी रीत नव्या कागदावर टिकली. वडिलांच्या मृत्यूनंतर इचियोंवरही आई आणि धाकट्या बहिणीचा भार होता. १८९३ मध्ये त्यांनी योशिवाराजवळ मिठाई-खेळण्यांचे छोटे दुकान थाटले, तेव्हा अशी मुले त्यांनी रोज पाहिली. मुलीच्या जिवावर घर चालणे म्हणजे काय, हे त्यांना ठाऊक होते.

त्यामुळे कथेतले मौन मला संकोचाचे वाटत नाही. त्या घरात सगळ्यांना सगळे आधीच माहीत आहे, कळायचे राहिले होते ते एकट्या मिदोरीला.