‘सेनापती’ : मिथक आणि इतिहास

पांडुरंग महादेव बापट (१८८०–१९६७) यांच्या चरित्रकथनात ‘सेनापती’ हे उपपद नावाच्या आधी येते आणि अर्थनिर्णयही आधीच करून टाकते. पॅरिसमध्ये बॉम्बविद्या मिळवणारा क्रांतिकारक पुढे मुळशीत सत्याग्रही होतो, पारनेरचे रस्ते झाडतो. हा क्रम बहुधा हृदयपरिवर्तनाच्या कथेसारखा मांडला जातो. वाल्याचा वाल्मीकी होण्याचा आकृतिबंध येथे अजाणता कार्यरत असतो.

इतिहास मात्र या आकृतिबंधात बसत नाही. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला, टाटा कंपनीच्या धरणाविरुद्ध मुळशीचा सत्याग्रह सुरू झाला. डिसेंबर १९२४ मध्ये याच बापटांनी रेल्वे अडवताना शस्त्र हाती घेतले आणि सात वर्षांची शिक्षा भोगली. परिवर्तनाच्या कथेला हा प्रसंग अपवाद म्हणून बाजूस सारावा लागतो. वस्तुतः तो अपवाद नसून त्यांच्या भूमिकेतील सातत्याचा पुरावा आहे. अहिंसा हे त्यांच्या लेखी अंतिम तत्त्व नव्हते. गांधीयुगाच्या चौकटीत त्यांना बसवू पाहणारे चरित्र त्यांचा गौरव करते, पण त्यांना समजून घेत नाही.

मिथकाचा दुसरा परिणाम अधिक गंभीर आहे. ‘सेनापती’ म्हटले की सेना अनाम होते. लढ्याच्या उभारणीत विनायकराव भुस्कुटे यांचा वाटा मोठा होता. जमिनी जाणार होत्या त्या मावळ्यांच्या. कसणारे मावळे आणि पुण्यातील सावकार-जमीनमालक यांचे हितसंबंध एक नव्हते, हे राजेंद्र व्होरा यांच्या अभ्यासाने स्पष्ट केले आहे. मालकाला मोबदला पुरेसा वाटू शकत होता. कसणाऱ्याला गाव हवे होते. एकनायकी कथनात ही फट बुजते आणि संघर्ष केवळ परकी सत्ता व भांडवल यांच्याविरुद्धचा उरतो.

म्हणून मिथक खोटे ठरवून मोकळे होता येईल काय? तसे करणेही उथळपणाचे होईल. धरण झाले, गावे बुडाली. पराभूत समाजाने आपल्या लढ्याची आठवण एका नावात जपून ठेवली, हे मिथकाचे सत्य आहे. परंतु नायकाच्या तेजात पराभव दिसेनासा होतो, ही त्याची किंमत. पिरंगुटवरून पौडमार्गे मुळशीकडे जाणाऱ्याला आज जलाशय दिसतो. त्याखालची शेते दिसत नाहीत. चरित्रसमीक्षेचे काम मूर्तिभंजनाचे नव्हे. मूर्तीमागे कोण उभे होते, ते दाखवण्याचे आहे.