लगाशवरची रात्र

आयझॅक असिमॉव्ह यांची ‘नाइटफॉल’ ही कथा १९४१ साली प्रसिद्ध झाली. लगाश ग्रहाला सहा सूर्य; रात्र होते ती २०४९ वर्षांतून एकदाच. तिची आठवण एका धर्मपंथाने ग्रंथात जपलेली. वेधशाळा त्या पंथाकडूनच माहिती घेऊन ग्रहणाचे गणित मांडते. शास्त्रज्ञांना डझनभर तारे अपेक्षित असतात. दिसतात तीस हजार, आणि जाणतेही वेडे होतात. ही कबुली मोलाची.

गणिताने आमच्या श्रद्धेचा अर्थच हिरावला, असा पंथीय लॅटिमरचा आरोप. कथेतला खरा पेच हाच; पण असिमॉव्ह त्याला नुसता त्वेष देतात, श्रद्धेचा दिलासा देत नाहीत. ग्रहणाची वेळ आधी ठाऊक असूनही आपण कुसूफची नमाज अदा करतोच. गणिताने इबादत उणी होत नाही, हे लॅटिमरला कुणी सांगितलेच नाही.